काळाचा हिशोब तपासणारे मास्तर : शंकर बाळकृष्ण दीक्षित

मार्गशीर्ष लागला की आपल्या घरात पहिला प्रश्न असतो, यंदा दत्तजयंती कधी? भिंतीवरच्या दिनदर्शिकेवर बोट ठेवून आपण तारीख बघतो, पारायणाचे सात दिवस मागे मोजतो, मुलासुनांना रजा टाकायला सांगतो. कधी जयंती चतुर्दशीच्याच दिवशी येते, कारण पौर्णिमा दुपारनंतर लागलेली असते आणि महाराजांचा जन्म प्रदोषकाळचा, म्हणून त्या वेळी जी तिथी असेल ती धरायची. एवढे आपल्याला माहीत असते. पण ही पौर्णिमा अमुक वाजून अमुक मिनिटांनी लागते हे कोण ठरवतो, कसे ठरवतो, आणि ते बरोबर आहे हे कशावरून, हे आपण सहसा विचारत नाही. पंचांगात छापले आहे ना, मग झाले.

हा प्रश्न ज्यांनी आयुष्यभर विचारला, त्या एका शाळामास्तरांचे चरित्र मी यंदाच्या अंकासाठी लिहायला घेतले आहे. त्यांचे नाव शंकर बाळकृष्ण दीक्षित. ज्योतिषाचा अभ्यास करणाऱ्यांत हे नाव मोठ्या आदराने घेतले जाते. आपण भाविक मंडळी मात्र त्यांच्या कष्टाचा लाभ रोज घेतो आणि नाव क्वचितच घेतो.

दत्तसंप्रदायाच्या अंकात ज्योतिषगणित करणाऱ्याचे चरित्र कशाला, असे कुणाला वाटेल. तर आठवा, अवधूताने यदुराजाला आपले चोवीस गुरू सांगितले, त्यांत सूर्य आहे आणि चंद्रही आहे. चंद्रापासून अवधूत काय शिकला? वाढतात आणि घटतात त्या कला, चंद्र आहे तसाच राहतो. काळाची गती डोळ्यांना दिसत नाही, पण ती कला बदलून दाखवते. तसे जन्ममरण देहाला, आत्म्याला नाही. दीक्षितांनी सारे आयुष्य याच दोन गुरूंच्या पायाशी बसून काढले. फरक इतकाच की अवधूताने त्यांच्याकडून वैराग्य घेतले आणि या मास्तरांनी त्यांच्याकडून हिशोब घेतला.

दीक्षितांचा जन्म जुलै १८५३ मध्ये रत्नागिरी जिल्ह्यात, दापोली तालुक्यातल्या मुरूड गावी झाला. त्याच कोकणात पुढच्याच वर्षी, १८५४ साली, सावंतवाडीकडे माणगावी आपले श्रीवासुदेवानंद सरस्वती टेंबेस्वामी जन्माला आले. एका पिढीची ही दोन माणसे. एकाने दत्तभक्तीचा मार्ग उजळला, दुसऱ्याने भक्तीला लागणारे तिथिवार तपासले. दीक्षितांचे शिक्षण आधी मुरूडला, मग दापोलीला आणि पुढे पुण्याच्या ट्रेनिंग कॉलेजात झाले. १८७४ साली ते मॅट्रिक झाले. शाळाकॉलेजातले शिक्षण तिथेच संपले. बी. ए. नाही, एम. ए. नाही, विलायतेचे तर नावच नको. पोटासाठी शिक्षकाची नोकरी धरली आणि ती शेवटपर्यंत केली. रेवदंडा, ठाणे, बार्शी, धुळे आणि अखेर पुणे अशी त्यांची नोकरीची गावे. दिवसा मुलांना शिकवायचे आणि उरलेल्या वेळात आकडेमोड करायची.

रेवदंडा म्हणजे समुद्रकाठचे गाव. तिथल्या कोळ्याला तिथी विचारायला पंचांग लागत नाही. पौर्णिमा-अमावास्येला उधाण, अष्टमीच्या सुमारास भांग, हे तो पाण्यावरून सांगतो. त्याच किनाऱ्याने दक्षिणेला गेले की काशीदच्या पुढे आणि मुरूड-जंजिऱ्याच्या अलीकडे नांदगाव लागते. (हे मुरूड वेगळे, दीक्षितांचे दापोलीकडचे वेगळे.) नांदगावचा सिद्धिविनायक पुष्कळांनी पाहिला असेल. पण त्या गावचे दुसरे मोठेपण फार जणांना ठाऊक नसते. आपल्या सगळ्या पंचांगांचा आजोबा शोभेल असा ग्रंथ त्या गावात लिहिला गेला. त्याचे नाव ग्रहलाघव आणि कर्ते गणेश दैवज्ञ.

गणेश दैवज्ञांची हकिकत भाविकांनी ऐकण्यासारखी आहे. त्यांचे वडील केशव दैवज्ञ हेही मोठे गणिती होते. आख्यायिका अशी सांगतात की त्यांनी वर्तवलेले ग्रहण एकदा चुकले, हसे झाले, आणि ते गणपतीच्या देवळात जाऊन तपाला बसले. तेव्हा दृष्टान्त झाला की ग्रहशुद्धीचे हे काम तुझ्या मुलाच्या हातून होईल. मुलगा झाला, त्याचे नाव गणेश ठेवले. आख्यायिका बाजूला ठेवली तरी केशव दैवज्ञ स्वतः आकाशातले वेध घेत आणि गणित आकाशाशी जुळले पाहिजे असे सांगत, ही गोष्ट खरी. मुलाने शके १४४२, म्हणजे इसवी सन १५२०, हे आरंभवर्ष धरून ग्रहलाघव रचले. त्याआधीच्या ग्रंथांत ग्रह काढायचे म्हणजे दिवसांची अवाढव्य संख्या घेऊन बसायचे. गणेश दैवज्ञांनी अकरा अकरा वर्षांची चक्रे पाडली, एका चक्राचे दिवस ४०१६, आणि मोठ्या संख्या लहान करून टाकल्या. भूमितीतली किचकट जीवाकोटी तर त्यांनी वगळूनच टाकली. पुढे तिथिचिंतामणी नावाचा कोष्टकांचा ग्रंथ करून तिथी काढणे आणखी सोपे केले. गावोगावचा जोशी या दोन पोथ्यांवर वर्षाचे पंचांग घरी बसून करू लागला. महाराष्ट्रात हे तीनशेहून अधिक वर्षे चालले.

आता यात अडचण कुठे आली? मी जन्मभर बँकेत खतावण्या जुळवल्या, त्यामुळे ही अडचण मला चटकन कळली. रोजच्या हिशोबात एक पैशाचा फरक राहिला आणि तो तसाच पुढे ओढत नेला, तर महिनाअखेरीला तो फार वाटत नाही, पण वीस वर्षांनी खाते मुळीच जुळत नाही. चूक लिहिणाऱ्याची नसते, पहिल्या दिवशी उरलेल्या बारीक फरकाची असते. ग्रहलाघव केले तेव्हा ते आकाशाशी चांगले जुळत होते. साडेतीनशे वर्षांनी ग्रहणाची वेळ चुकू लागली, ग्रह पोथीत एका जागी आणि आकाशात दुसऱ्या जागी दिसू लागले. तिथी म्हणजे तरी काय? चंद्र सूर्याच्या पुढे बारा अंश गेला की एक तिथी संपते. चंद्राची जागाच पोथीत थोडी चुकली तर तिथीची वेळ चुकणारच. मग एकादशी कुठली, प्रदोष कुठला आणि श्राद्धाचा दिवस कुठला?

ही झाली पहिली चूक. ती मान्य करायला फारशी हरकत नव्हती, कारण ग्रहण सगळ्यांच्या डोळ्यांदेखत लागते. केरो लक्ष्मण छत्रे हे त्या काळचे मोठे गणिती, लोकमान्य टिळकांचे गुरू. त्यांनी आकाशाशी जुळणारे नवे पंचांग सुरू केले. आबा पटवर्धनांच्या पाठिंब्यामुळे त्याला पटवर्धनी पंचांग म्हणत.

दुसरी चूक मात्र अधिक खोल होती आणि तिथे खरा वाद पेटला. ही चूक वर्षाच्या लांबीतली. सूर्यसिद्धान्ताचे वर्ष ३६५ दिवस १५ घटका ३१ पळांचे. ऋतू ज्या सूर्यावर चालतात त्याचे वर्ष ३६५ दिवस १४ घटका आणि सुमारे ३२ पळांचे. फरक जवळजवळ एका घटकेचा, म्हणजे चोवीस मिनिटांचा. वर्षाला एक घटका! साठ घटकांचा एक दिवस, म्हणून साठ संवत्सरांचे एक चक्र पुरे झाले की पंचांग ऋतूंच्या एक दिवस मागे पडते. ही गोष्ट आपल्या रोजच्या पाहण्यातली आहे. दिवस मोठा व्हायला २२ डिसेंबरलाच सुरुवात होते, खरे उत्तरायण तेव्हाच लागते, आणि आपण मकरसंक्रांत करतो १४ किंवा १५ जानेवारीला. स्वामी विवेकानंदांचा जन्म १८६३ सालच्या मकरसंक्रांतीचा, आणि त्या दिवशी तारीख होती १२ जानेवारी. दीडशे वर्षांत संक्रांत किती सरकली बघा. असेच चालू राहिले तर हजारो वर्षांनी वसंतातला चैत्र भर पावसात येईल आणि आषाढी वारी थंडीत निघेल.

यावर उपाय काय? एक पक्ष म्हणाला, महिने ऋतूंना बांधा, सूर्य विषुववृत्तावर येतो त्या वसंतसंपातापासून मोजा. हा सायन पक्ष. दुसरा म्हणाला, महिने नक्षत्रांना बांधलेले आहेत, ते ताऱ्यांपासूनच मोजा, फक्त गणित शुद्ध करा. हा निरयन पक्ष. ग्वाल्हेरचे विसाजी रघुनाथ लेले आणि ठाण्याचे जनार्दन बाळाजी मोडक हे सायन पक्षाचे. दीक्षित त्यांना जाऊन मिळाले आणि १८८० नंतरच्या दशकात या मंडळींनी सायन पंचांग छापायला सुरुवात केली. वेदकाळी मधु-माधव हे महिने वसंताचे होते, यज्ञयाग ऋतूंवर चालत होते, तेव्हा ऋतू सोडून महिने पाळणे हे धर्माला धरून नाही, असे त्यांचे म्हणणे.

वाचकहो, हा केवळ पंडितांचा वाद होता असे समजू नका. सायन पंचांगाप्रमाणे महिना बहुतेक वर्षी आपल्या आजच्या महिन्याच्या एक महिना आधी येतो. म्हणजे आपण ज्या दिवशी त्रिपुरी पौर्णिमेच्या वाती लावतो, त्या दिवशी बहुतेक वेळा दत्तजयंती आली असती. वाडीला, गाणगापूरला, औदुंबरला पिढ्यान्‌पिढ्या ज्या पौर्णिमेला पाळणा हलतो, ती पौर्णिमा बदलायची? आणि मार्गशीर्ष हे नावच मुळी मृगशीर्ष नक्षत्रावरून पडले, कारण त्या महिन्याच्या पौर्णिमेला चंद्र मृगाच्या आसपास असतो. ऋतूला धरले तर मृग सुटतो, मृगाला धरले तर ऋतू सुटतो. दोन्ही बाजूंना धर्म होता, आणि म्हणूनच हा वाद कठीण होता. दीक्षितांनी आपली बाजू निवडली आणि ती उघड मांडली. लोकांना ती रुचणार नाही हे त्यांना कळत नसेल असे मला वाटत नाही.

पण एका वादापुरते हे आयुष्य नाही. दीक्षितांनी सामान्य माणसाला आकाश दाखवले. १८८२ साली त्यांचे सृष्टिचमत्कार हे पुस्तक आले, आणि १८९२ साली ज्योतिर्विलास. या दुसऱ्या पुस्तकाला त्यांनी रात्रीची दोन घटका मौज असे जोडनाव दिले होते. नावावरूनच स्वभाव कळतो. हे ज्योतिष भीती घालणारे नव्हते, साडेसाती सांगणारे नव्हते. जेवणे झाली की अंगणात यावे, वर पाहावे आणि दोन घटका देवाच्या पसाऱ्यात रमावे, असे ते ज्योतिष. मराठी वाचणाऱ्या कितीतरी घरांना नक्षत्रे ओळखायला या पुस्तकाने शिकवले.

बार्शीच्या इंग्रजी शाळेत असताना त्यांच्या हातून एक काम झाले, त्याने त्यांचे नाव परदेशात गेले. त्या वेळी जॉन फेथफुल फ्लीट हे इंग्रज अधिकारी गुप्त राजांचे शिलालेख जमवत होते. त्या लेखांत वर्षे गुप्तसंवताची आहेत, पण तो संवत सुरू केव्हा झाला यावर विद्वानांचे एकमत नव्हते. एकाचा आरंभ एक, दुसऱ्याचा दुसरा. मध्य प्रदेशात सागर जिल्ह्यात एरण नावाचे गाव आहे. तिथे बुधगुप्त राजाच्या काळी मातृविष्णू आणि धन्यविष्णू या दोन भावांनी भगवान जनार्दनाच्या नावाने एक ध्वजस्तंभ उभारला. त्यावर वर्ष १६५, आषाढ शुद्ध द्वादशी आणि वार गुरुवार असे कोरले आहे.

आता यात गंमत अशी की नुसती तिथी असती तर काही सिद्ध झाले नसते, कारण आषाढ शुद्ध द्वादशी दरवर्षीच येते. पण तिच्याबरोबर वार आहे. तिथी चंद्राने चालते, वार सात दिवसांनी फिरतो. दोन्ही एकत्र जुळायला वर्ष बरोबरच लागते. दीक्षितांनी गणित मांडले. संवताचा आरंभ इसवी सन ३१९-२० चा धरला तर १६५ वे वर्ष येते ४८४, आणि त्या वर्षीची आषाढ शुद्ध द्वादशी येते २१ जूनला. वार निघाला गुरुवार! चौदाशे वर्षांमागे कुणा दोन भावांनी आषाढी एकादशीच्या दुसऱ्या दिवशी, गुरुवारी, देवापुढे खांब उभा केला, आणि बार्शीच्या एका मास्तराने कागदावर तोच दिवस पुन्हा काढून दाखवला. १८८८ साली फ्लीटसाहेबांचा गुप्तलेखांचा मोठा ग्रंथ कलकत्त्याला छापला गेला, त्यात दीक्षितांची ही गणिते आणि त्यांची पद्धत आहे.

त्यानंतर मद्रास इलाख्यातले रॉबर्ट स्यूएल यांच्याबरोबर त्यांनी भारतीय पंचांगावर इंग्रजी ग्रंथ केला, तो १८९६ मध्ये लंडनला निघाला. त्यातल्या कोष्टकांत इसवी सन ३०० पासून १९०० पर्यंतची सोळाशे वर्षे आहेत. कुठलाही ताम्रपट, कुठलीही सनद, कुठलाही शिलालेख समोर ठेवावा, तिथी पाहावी आणि इंग्रजी तारीख काढावी. संगणक नव्हता, गणकयंत्र नव्हते. सोळाशे वर्षांतले अधिकमास, क्षयमास, संक्रांती, सगळे कागदावर. इतिहास शिकणाऱ्यांना त्या कोष्टकांनी पुढे कित्येक वर्षे आधार दिला.

दीक्षितांचा मुख्य ग्रंथ मात्र मराठीतच आहे, आणि हे मला विशेष वाटते. त्या काळी नाव करायचे तर इंग्रजीत लिहावे लागे, आणि त्यांना ते येत होते. तरीही भारतीय ज्योतिषशास्त्राचा प्राचीन आणि अर्वाचीन इतिहास त्यांनी आपल्या भाषेत लिहिला. दक्षिणा प्राइज कमिटीने पंचांगाच्या इतिहासावर ग्रंथ मागवला होता, त्या निमित्ताने हे काम सुरू झाले. गायकवाड सरकारचाही आश्रय त्याला मिळाला. दीक्षित तेव्हा आधी धुळ्याच्या आणि मग पुण्याच्या ट्रेनिंग संस्थेत शिक्षक होते. १८९६ साली पुण्यात ग्रंथ छापला गेला. वेदांपासून आपल्या काळापर्यंत कोण कोण ज्योतिषी झाले, कुठे राहिले, काय लिहिले, कुठे चुकले, हे सारे त्यात आहे. आर्यभट, वराहमिहिर, भास्कराचार्य हे तर आहेतच, पण ज्यांची पोथी एखाद्या वाड्यात धूळ खात पडली असती असे लहान गणितीही आहेत. ज्या ग्रहलाघवाचे दिवस आता भरले असे दीक्षित म्हणत होते, त्या ग्रहलाघवाच्या कर्त्याचे चरित्रही त्यांनी आदराने लिहिले. मत वेगळे, पण मान कमी नाही. हे आज किती जणांना जमते?

याच सुमाराला त्यांनी एक मोठा शोध मांडला. शतपथ ब्राह्मणात कृत्तिकांविषयी असे आले आहे की बाकीची नक्षत्रे पूर्व दिशा सोडतात, पण कृत्तिका सोडत नाहीत. हजारो वर्षे हे वाक्य लोक म्हणत आले. दीक्षितांनी त्याचा अर्थ गणिताने लावला. कृत्तिका नेमक्या पूर्वेला उगवत होत्या म्हणजे त्या वेळी त्या विषुववृत्तावर होत्या. आज त्या पूर्वेपासून बऱ्याच उत्तरेला सरकून उगवतात. आकाशाची ही संथ चाल, साधारण बहात्तर वर्षांत एक अंश, मागे मोजत गेले की तो काळ निघतो इसवी सनापूर्वी सुमारे ३००० वर्षांचा. लोकमान्य टिळकांनी १८९३ च्या ओरायन ग्रंथात मृगनक्षत्रावरून वेदकाळ काढला, आणि दीक्षितांनी कृत्तिकांवरून. या निष्कर्षांवर विद्वानांत पुढेही मतभेद राहिले. पण पूर्वजांनी आकाशाकडे नीट पाहून लिहून ठेवले होते, एवढे तरी त्यातून दिसले.

अवधूताच्या चोवीस गुरूंत एक बाण घडवणारा कारागीर आहे. राजाची स्वारी वाजतगाजत शेजारून गेली, तरी त्याला पत्ता लागला नाही, इतके त्याचे चित्त बाणाच्या टोकावर होते. दीक्षितांचे वाचले की मला हा गुरू आठवतो. बदल्या झाल्या, गावे बदलली, वर्गात मुले बदलली, पण या माणसाचे चित्त एका टोकावर राहिले.

एप्रिल १८९८ मध्ये दीक्षित गेले. पंचेचाळीस वर्षेही पुरी झाली नव्हती. मोठा ग्रंथ छापून निघाल्याला जेमतेम दोन वर्षे झाली होती. सोळाशे वर्षांचे दिवस ज्याने मोजले, त्याच्या स्वतःच्या वाट्याला एवढेच दिवस आले. याचे वाईट वाटते खरे. पण चंद्रगुरूने शिकवलेले तेच नाही का? कला सरली, चंद्र तसाच आहे. त्यांच्या ग्रंथाची पुढे हिंदी आणि इंग्रजी भाषांतरे झाली, आणि भारतीय ज्योतिषाच्या इतिहासावर लिहिणाऱ्याला आजही त्यांच्या दारावरून गेल्याशिवाय पुढे जाता येत नाही.

मग त्या वादाचे काय झाले? महाराष्ट्राने दीक्षितांचा सायन पक्ष स्वीकारला नाही. पुढे लोकमान्यांनी पंचांगशुद्धीचे काम हाती घेतले, परिषदा झाल्या, आणि टिळक पंचांग निघाले. तेही निरयनच. आज आपल्या बहुतेक दिनदर्शिका निरयन पद्धतीच्या आहेत, फक्त गणित आकाशाशी जुळणारे आहे. नक्षत्रचक्राचा आरंभ कुठल्या ताऱ्यापासून धरायचा यावर अजूनही दोन मते असल्याने एखाद्या वर्षी टिळक पंचांगाचा गणपती एक महिना आधी येतो, हे आपण पाहतोच. म्हणजे गणित शुद्ध करा हा दीक्षितांच्या पिढीचा अर्धा आग्रह आपण मानला, आणि ऋतूला बांधा हा अर्धा सोडून दिला.

तो अर्धा भाग मात्र वाया गेला नाही. स्वातंत्र्यानंतर १९५२ मध्ये शास्त्रज्ञ मेघनाद साहा यांच्या अध्यक्षतेखाली सरकारने पंचांग सुधारणा समिती नेमली. देशात तेव्हा सुमारे तीस वेगवेगळी पंचांगे चालत होती. समितीच्या शिफारशीवरून २२ मार्च १९५७ ला, म्हणजे १ चैत्र १८७९ ला, राष्ट्रीय दिनदर्शिका सुरू झाली. तिचे वर्ष वसंतसंपाताशी, म्हणजे ऋतूशी बांधलेले आहे. सायन विचार असा सरकारदरबारी पोचला. आकाशवाणीवर शकाची तारीख सांगतात ती हीच. या तारखेचा धनादेश बँकांनी स्वीकारावा असा रिझर्व्ह बँकेचा नियमही आहे. माझ्या सगळ्या नोकरीत असा धनादेश खिडकीवर एकदाही आला नाही, ही गोष्ट वेगळी!

काही लोक विचारतात, माणसाला काळ मागेपुढे करता येईल का? दीक्षितांचे आयुष्य पाहिले की मला वाटते, काळ कुणाला एका पळानेही हलवता येत नाही. राजाला नाही, पंडिताला नाही आणि पंचांगकर्त्यालाही नाही. आपल्या हातात आहे ती फक्त त्याची वही. ती वही बापजाद्यांनी लिहिलेली असली तरी अधूनमधून आकाशाशी ताडून पाहावी लागते, आणि ताडून पाहणारा बापजाद्यांचा अपमान करत नाही. केशव दैवज्ञांनी ती ताडली, त्यांच्या मुलाने ताडली, दीक्षितांनी ताडली. हीच खरी परंपरा. श्रद्धा आणि तपासणी यांचे भांडण असते असे आपण उगाच धरून चालतो. ज्याला देवाचा दिवस चुकू नये असे मनापासून वाटते, तोच रात्री जागून गणित पुन्हा करतो.

म्हणून या दत्तजयंतीला एवढे करा. जन्माचा गुलाल-फुले झाली, आरती झाली, सुंठवडा वाटून झाला, की नातवंडांना घेऊन देवळाच्या अंगणात या. पूर्वेला तोंड करा. पौर्णिमेचा चंद्र वर आलेला असेल आणि त्याच्या आसपासच मृग असेल, एका ओळीत तीन तारे, चटकन ओळखू येतात. जरा वर कृत्तिकांचा पुंजका आणि लालसर रोहिणी. चांदणे असले तरी नीट पाहिले की दिसतात. मुलांना सांगा, या मृगावरून आपल्या मार्गशीर्षाचे नाव पडले. त्या कृत्तिकांकडे पाहून एका मराठी शाळामास्तरांनी पाच हजार वर्षांमागचा काळ मोजला. आणि हेही सांगा की दिनदर्शिकेतल्या त्या छोट्या चौकोनात जी तिथी छापली आहे, तिच्यामागे अशा कितीतरी माणसांची जागरणे आहेत.

अवधूतचिंतन श्रीगुरुदेव दत्त!